सशाचा परवाना

सावंगी, पो. सुलतानपूर
१७ जानेवारी २०२५

चि. रेणुका,

मोठे बाबाचा जय भीम घे.

तुहा फोन आलता म्हने, मोठी आई बोलली. पन फोनवरचं माह्या ध्यानात राहत नाही, अन तुह्या जंगलात रेंज येते अन जाते. तू बुलडाण्याले कॉलेजात होती तवापासून आपलं पत्राचं चालत आलं, तसंच चालू दे.

काम असं हाय. मले शिकारीचा परवाना काढाचा हाय. वाघाबिघाचा नाही, भेव नको. लहान शिकारीचा. ससा, तितर, लावा, इतकंच. त्याले पैसे किती लागतात, कागद कोनते लागतात, अर्ज कोन्या हापिसात द्या लागते, ते नीट लिवून पाठवजो. तू आता जंगल खात्यात हाय. घरातली पयली ग्रॅज्युएट तूच अन पयली सरकारी वर्दीबी तुहीच. तुले नाही समजनार त कोनाले समजनार?

परवाना माह्या नावानं पायजे. सहदेव पुंजाजी अंभोरे. तुह्या बापाच्या नावानं नको, पोराच्या नावानं नको.

संक्रांतीले मेहकरले गेलतो, लक्ष्मीकांतराव देशमुखाकडे. ते गाव सोडून गेले, मास्तरकी करून रिटायर झाले, पन आपल्याले इसरले नाहीत. त्याइच्या बैठकीत त्याइच्या वडलाचा शिकारीचा परवाना काच लावून टांगेल हाय. १९६८ चा. फी पंधरा रुपये. म्या इचारलं, "गुरुजी, असा कागद आता भेटते का?" ते हासले. म्हने, "सहदेवराव, तुमच्याकडे बंदूक कुठे आहे?" म्हनलं, "बंदुकीचं नंतर पाहू. कागद भेटते का ते सांगा." त्याइले माहीत नव्हतं.

तूर काढून झाली. हरभरा बरा हाय. मोठी आई म्हनते, जंगलात फिरतानी डबा संगं ठेवत जाय.

परवाना काऊन पायजे ते इचारू नको.

तुहे मोठे बाबा

*

वरवट बकाल
२५ जानेवारी २०२५

ती. मोठे बाबांना रेणुकाचा सप्रेम जय भीम.

तुम्ही विचारलं त्याचं उत्तर एका ओळीत देता येतं. पण एका ओळीत दिलं तर तुम्हाला वाटेल, पोरीनं टाळलं. म्हणून सविस्तर लिहिते.

असा परवाना आता मिळत नाही. फी भरूनही नाही आणि ओळखीनंही नाही. १९७२ साली वन्यजीवांचा कायदा आला, तेव्हा त्यात लहान शिकारीच्या परवान्याची सोय ठेवली होती. १९९१ मध्ये तीही काढून टाकली. आज ससा, तितर, लावा यांना मारणं, पकडणं, पिंजऱ्यात ठेवणं हा गुन्हा आहे. माझ्या प्रशिक्षणात हे सगळं होतं आणि परीक्षेत त्यावर प्रश्नही आला होता.

मला वाटतं, तुमचं दुखणं वेगळं आहे. हरभऱ्यात रानडुकरं शिरत असतील आणि तुम्ही सशाचं नाव पुढे करताय. तसं असेल तर मार्ग आहे. आधी नुकसानभरपाईचा अर्ज करायचा. त्याला सातबारा, नुकसानीचे फोटो आणि बँकेचं पासबुक लागतं. रानडुकरांचा त्रास फारच असेल तर वनपरिक्षेत्र अधिकाऱ्यांकडे परवानगी मागता येते. पण त्यासाठी परवानाधारक बंदूकवाला लागतो, अटी पुष्कळ असतात आणि मेलेलं जनावर खात्याच्या ताब्यात द्यावं लागतं. अर्ज मी लिहून देईन. तुम्ही फक्त सही करा.

आणि एक बोलू का? रविवारी विहारात पहिलं शील तुम्हीच सगळ्यांकडून म्हणवून घेता. प्राण्याची हिंसा करणार नाही म्हणून. ते म्हणवून घेणारा माणूस सशाचा परवाना मागतो, हे मला पटत नाही.

मी मजेत आहे. पायी फिरून पाय सुरुवातीला दुखायचे, आता दुखत नाहीत. परवा अंजनाच्या झाडाखाली बसून डबा खाल्ला आणि वाटलं, हा पगार मला यासाठी मिळतो? मोठ्या आईला सांगा, डबा नेते.

तुमची
रेणुका

*

सावंगी
६ फेब्रुवारी २०२५

चि. रेणुका,

तू दोन पानं लिवले. वाचून बरं वाटलं, अक्षर चांगलं हाय. पन डुकराचं म्या इचारलंच नव्हतं. डुकरं येतात, खातात, जातात. त्याइचं माहं भांडन नाही.

मिळत नाही म्हनतं, मंग मिळत कसं होतं? १९६८ ले मिळत होतं त रान तेच हाय, ससाबी तोच हाय.

मेहकरच्या स्टँडजवळ एक जन बसते. तो म्हनते अकरा हजारात करून देतो. फोटो, शिक्का, सही, सगळं. बंदूक नसली तरी चालते म्हने. म्या हजार रुपये इसार देऊन आलो. तुले सांगून ठेवलं, मंग म्हनू नको सांगतलं नाही.

शिलाचं मले शिकवू नको. तुले ते म्याच शिकवलं.

मोठे बाबा

*

वरवट बकाल
१४ फेब्रुवारी २०२५

ती. मोठे बाबा,

तुमचं पत्र वाचून मी तसाच फोन लावला, तर तुम्ही घ्यायला नाही म्हणालात. म्हणून लिहिते. हे पत्र गोड नाही.

स्टँडवरचा माणूस जो देईल त्याला कागद म्हणू नका. जो परवाना सरकारच देत नाही, त्यावर सरकारचा शिक्का कुठून येईल? ती बनावट आहे. असा कागद उद्या कोणी माझ्यासमोर धरला, तर मला पंचनामा करावा लागेल आणि त्यात आरोपी म्हणून पहिलं नाव तुमचं लिहावं लागेल. मी ते लिहीन. मला नोकरीत कायम व्हायला अजून अवकाश आहे, त्या भीतीनं हे म्हणत नाही. कायम झाले असते तरी लिहिलं असतं.

मी रुजू व्हायला निघाले तेव्हा स्टँडवर तुम्हीच म्हणाला होता, "वर्दी घातली का नातं खुंटीले टांगून जात जाय." आठवतं ना? मी तेच करते आहे.

इसार परत घ्या. हात जोडते.

रेणुका

*

सावंगी
९ मार्च २०२५

चि. रेणुकास अनेक आशीर्वाद. हे पत्र मोठी वहिनी सांगते आणि मी, तुझा बाप देवानंद, लिहितो. ती म्हणते तसंच लिहितो.

बाई, तुह्या पत्रानं घरात सुतक आनलं. मानूस बोलत नाही. इसाराचे हजार वापस आनले. तो दलाल देत नव्हता, मंग मीच गेली संगं अन त्याच्या टेबलासमोर पाय पसरून बसली. म्हनलं, भाऊ, मी जेवाले घरी जानार नाही, तू सांगशीन तितके दिवस बसतो. देल्ले त्यानं.

आता तू बंदुकीचं, कायद्याचं काही लिवू नको. ज्या मानसानं घरातला उंदीर पिंजऱ्यात धरून बांधावर नेऊन सोडला, तो ससा मारन का? त्याइले मारायचं नाही. त्याइले कागद पायजे. काऊन पायजे ते मले सांगत नाहीत. संसाराले चाळीस वर्सं झाले, तरी काही गोष्टीत मले बाहेर बसवते हा मानूस. तू इचार. तुले सांगतीन.

(वहिनीचं संपलं. मी इतकंच लिहितो की संक्रांतीपासून दादा मेहकरच्या त्या कागदाबद्दल झोपेत बोलतो. मलाही काही उमगत नाही. — देवानंद)

*

वरवट बकाल
१५ मार्च २०२५

ती. मोठे बाबा,

'काऊन पायजे ते इचारू नको' असं तुम्ही पहिल्याच पत्रात लिहिलं होतं आणि मी विचारलं नाही. तुमचं ऐकलं, असं मला वाटत होतं. खरं तर मी स्वतःच उत्तर ठरवून टाकलं होतं. आधी डुकरं, मग बंदूक.

आता विचारते. तो कागद तुम्हाला कशासाठी हवा आहे?

कायदा सांगणार नाही. फक्त वाचीन.

तुमची
रेणुका

*

सावंगी
२४ मार्च २०२५

चि. रेणुका,

तू इचारलं, बरं केलं. मी रागात नव्हतो. मले लिवता येत नव्हतं.

काचेतला कागद इंग्रजीत हाय. लक्ष्मीकांतराव मले कौतुकानं वाचून दाखवत होते. परवानेवाल्याचं नाव, त्याच्या बापाचं नाव, राहनार, बंदुकीचा नंबर. ससे इतके, तितर इतके. मंग खाली एक ओळ. हाकारे: चार.

म्या इचारलं, "त्याइचे नावं?" ते म्हने, "नावं नसायची हो, आकडाच असायचा." त्याइच्या मनात वाईट काही नव्हतं. त्याइचा दोषबी नाही, ते तवा मेहकरले शाळेत होते.

पन त्या चारातला एक आपला बापू होता. तुहा आजा, पुंजाजी.

हाकारा म्हनजे काय, ते तुले कोनी सांगतलं नसन. डबे वाजवाचे, आरोळ्या माराच्या, झुडपं झोडपाचे अन रान उठवाचं. ससे-तितर भेवानं पळत सुटले का त्याइले बंदुकीच्या तोंडाकडे लोटाचे. देशमुखाचा बाप कडुनिंबाखाली खुर्ची टाकून बसे. बापू जातानी कुडतं घरी काढून ठेवे, बोराटीत फाटते म्हनून. उघड्या आंगानं काट्यात घुसे. आंगाचं भरून येते, कुडतं भरून येत नाही, असं म्हने. दिवसभर वरडून दुसऱ्या दिवशी त्याचा आवाज बसेल राहे. भेटे काय, त एखाद्या डाव सशाचं मुंडकं.

मीबी एक डाव गेलतो. नऊ वर्साचा असन. हातात फुटका डबा. मले मजा वाटली होती, ते आता लिवतानी बरं वाटत नाही.

मले मारायचं नाही, रेणुका. मोठी आई खरं सांगते. मले इतकंच वाटलं, का त्या रानाच्या सरकारी कागदावर आपलं नाव असावं. आकडा नको, नाव. माहं नाव लिवलं का मधात बापूचं येतेच. त्याले अर्ज करा लागत नाही.

पन मिळत नाही त मिळत नाही. तू खोटं सांगनार नाही. सोडून देऊ.

मोठे बाबा

*

वरवट बकाल
८ एप्रिल २०२५

ती. मोठे बाबा,

तुमच्या पत्राला लगेच उत्तर दिलं नाही, कारण आधी एक गोष्ट विचारून घ्यायची होती. ती आज विचारून झाली.

पत्र आलं त्या दिवशी मी बीटवर, म्हणजे रोजच्या गस्तीवर, निघाले होते. ते खिशात घेऊनच फिरले. एके ठिकाणी बोराटीचं रान आहे. तिथून जाताना माझी पूर्ण बाह्यांची खाकी काट्यात अडकली आणि मी थांबले. खात्यानं मला दोन जोड दिलेत. आजोबांकडे एकच कुडतं होतं. हे मला माझ्या वयाच्या चोविसाव्या वर्षी कळतंय.

शिकारीचा परवाना मिळणार नाही. पण रानाचा एक कागद आहे, आणि तो खरा आहे.

दरवर्षी बुद्ध पौर्णिमेला आमच्याकडे पाणवठ्यांवर प्राणी मोजतात. मे महिन्यात पाणी थोडंच उरतं, चांदणं भरपूर असतं, म्हणून ती तिथी. पाणवठ्याजवळ मचाण बांधतात. दुपारपासून दुसऱ्या सकाळपर्यंत वर बसायचं आणि काय काय पाण्यावर आलं ते लिहायचं. त्यासाठी बाहेरची माणसंही घेतात. प्रत्येकाला प्रवेश परवाना मिळतो, त्यावर पूर्ण नाव असतं. गणनेच्या तक्त्यावरही निरीक्षकाचं पूर्ण नाव असतं आणि तो तक्ता कार्यालयात जपून ठेवतात.

नातेवाईक चालतो का, हे मी आमच्या वनपरिक्षेत्र अधिकारी मॅडमना आधीच विचारलं. त्या म्हणाल्या, "चालतो. पण मचाण चिठ्ठी टाकून ठरेल, आणि तू त्या मचाणावर नसशील." मला हे बरं वाटलं. म्हणजे तुम्हाला जे मिळेल ते तुमचं असेल.

आता तुम्ही जानेवारीत विचारलं होतं त्याचं उत्तर. फी पाचशे रुपये. आधार कार्डाची प्रत, दोन फोटो, आणि मचाणावर चढता येतं असा डॉक्टरचा दाखला. सोबत एक हमीपत्र पाठवते, त्यावर सही करा. आवाज करणार नाही, बॅटरी लावणार नाही, अत्तर लावणार नाही, बिडी-तंबाखू नेणार नाही. तंबाखूचं नीट वाचा.

याल ना?

तुमची
रेणुका

*

सावंगी
१७ एप्रिल २०२५

चि. रेणुका,

जयंती जोरात झाली. तुहा बाप लेझमात नाचला अन दोन दिवस कंबर धरून हाय.

कागद पाठवले. पाचशे रुपये माहे मी भरले, तू भरू नको. पावती माह्या नावानं पायजे.

सुलतानपूरच्या डॉक्टरनं इचारलं, "दाखला कशाले?" म्हनलं, "मचानावर चढाचं हाय." तो म्हने, "बाबा, तुमचं वय उतराचं हाय." म्हनलं, "म्हनूनच एकडाव चढून पाहतो." त्यानं छाती तपासली, दोन डाव जिना चढाले लावला अन देल्ला.

हमीपत्राचं मोठी आईले वाचून दाखवलं. ती तंबाखूवर लय हासली. म्हने, "मी चाळीस वर्सात नाही सोडवू शकली, सरकारनं एका सहीत सोडवली." एका राती पुरती हाय, तिले म्हनलं.

रेणुका, एक गोष्ट मनात घोळून राह्यली. बापूजवळून या रानात आवाज कराचं काम घेतलं. माह्या जवळून आवाज न कराची सही घेऊन राह्यले. म्या सही केली, पूर्न नावानं.

मोठे बाबा

*

वरवट बकाल
१६ मे २०२५

ती. मोठे बाबा,

गणनेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही मचाणावरून उतरलात ते थेट पहिल्या गाडीनं शेगावकडे निघून गेलात. मी तक्ते गोळा करत होते. आपलं बोलणंच झालं नाही. म्हणून आधी मी लिहिते.

चूक माझी होती. मी तंबाखू लिहिली, अत्तर लिहिलं, पण कपड्यांचा रंग लिहिला नाही. जंगलात पांढरं घालत नाहीत हे मला इतकं सवयीचं झालंय की सांगायचं असतं हेच सुचलं नाही. आणि बुद्ध पौर्णिमेला आपल्या घरातला माणूस दुसरं काय घालणार? तुम्ही गाडीतून उतरलात. पांढरा सदरा, पांढरं धोतर, डोक्यावर टोपी, सगळं नीळ दिलेलं, इस्त्रीचं.

मॅडम म्हणाल्या, "बाबा, हे चालणार नाही. हे कपडे चांदण्यात लांबून दिसतात, पाण्यावर चिटपाखरू येणार नाही. दुसरे आहेत का?" तुम्ही नाही म्हणालात. माझी जादा वर्दी खोलीत होती, पण ती बाहेरच्या माणसाला देता येत नाही. मला वाटलं, संपलं. इतक्या लांबून आलात आणि तुमचं नाव मी यादीतून खोडणार.

तुम्ही नाल्याकडे निघालात. मला वाटलं, राग आला, परत चालले. मी मागून आले तर तुम्ही सदरा, धोतर आणि टोपी काढून काळ्या चिखलात तुडवत होता. मोठ्या आईनं नीळ दिलेलं ते धोतर. मी म्हटलं, "मोठे बाबा, वंदनेचे कपडे आहेत." तुम्ही माझ्याकडे न बघता म्हणालात, "बापू कुडतं घरी काढून ठेवे. माहं त संगं हाय, फकत मळून राह्यलं."

उन्हात ते वाळायला किती वेळ लागणार होता? तुम्ही ओलंच अंगात घातलंत. मॅडम म्हणाल्या, "आता यांना मचाणावर मलाच शोधावं लागेल. चढा बाबा."

आता सांगते, तो तक्ता मी स्वतः फाइलला लावला. निरीक्षक: सहदेव पुंजाजी अंभोरे. अक्षर सरळ आहे. ससा या ओळीत तुम्ही 'एक' लिहिलंय आणि शेरा या रकान्यात 'बसला होता' असं लिहिलंय. मॅडमनी विचारलं, "हे काय?" मी म्हटलं, मलाही माहीत नाही, विचारून सांगते.

काय आहे ते?

तुमची
रेणुका

*

सावंगी
३० मे २०२५

चि. रेणुका,

घाईनं निघालो ते मुद्दाम. बोललो असतो त रडलो असतो, अन तुह्या मॅडमसमोर ते बरं दिसलं नसतं.

धोतराचा डाग निघाला नाही. मोठी आई दगडावर आपटून आपटून थकली. आता म्हनते, राहू द्या, दरसाल तेच घालून जात जा.

सशाचं सांगतो. माह्या संगं खामगावची मनाली नावाची पोट्टी होती, कॉलेजात शिकते. चांगली पोट्टी, चुळबुळ नाही. दिवस बुडता बुडता मोर आले, मंग एक भेकर. ते पानी पिऊन गेलं. मंग बोराटीतून ससा निंघाला. मले दिसला अन काय सांगू, माह्या घशात आरोळी आली. आपसूक आली, बोलावली नव्हती. म्या तोंडावर हात दाबून धरला. पोट्टीनं माह्याकडे पाह्यलं, तिले वाटलं खोकला हाय.

ससा पान्यापाशी आला. पानी पेला. अन मंग, रेणुका, तो बसला. पुढचे पाय वर घेतले अन तोंड पुसाले लागला, मांजर पुसते तसं. एक कान धरून खाली ओढे, मंग दुसरा. त्याले काही घाई नव्हती.

म्या ससा लहानपनापासून पाह्यला, पन पळतानीच. बसलेला ससा कसा दिसते ते मले माहीत नव्हतं. बापूलेबी माहीत नसन. आमी गेलो का ते पळतच. म्हनून लिवलं, बसला होता. मॅडमले सांगजो, खोडू नका म्हना.

आता दुसरी गोष्ट. परवा मेहकरले गेलतो, खताचं पाह्याले. लक्ष्मीकांतरावाकडे चक्कर मारली. परवाना खिशात होता. त्याइनं चष्मा लावला अन मोठ्यानं वाचला, मास्तरच ते. "सहदेव पुंजाजी अंभोरे." वाचलं अन थांबले. म्हने, "पुंजाजी... म्हणजे आमच्या वडिलांबरोबर रानात यायचे ते?"

म्हनलं, "हाव. चारातले एक."

त्याइनं भितीवरच्या काचेकडे पाह्यलं. मंग उठले, चहा सांगतला, पुन्हा बसले. मले वाटलं आता इषय बदलतीन. पन म्हने, "सहदेवराव, बाकीचे तीन कोण, ते तुम्हाला आठवतात का?" म्या सांगतले. सखाराम, गोंदाजी अन किसन. त्याइनं एका चिठ्ठीवर चारी नावं लिवले अन काचेच्या चौकटीत खालच्या अंगाले खोसली. चहा पेलो.

निंघतानी दारापर्यंत आले. म्हने, "पुढच्या वर्षी मलाही यायचं आहे. फी किती असते? कागद काय काय लागतात?"

म्या सगळं सांगतलं. पाचशे रुपये, आधार कार्ड, दोन फोटो, डॉक्टरचा दाखला. पांढरे कपडे नको, तंबाखू नको, अत्तर नको. ते बोटावर मोजून घेत होते. म्हने, "आणि सोबत माणसं किती न्यावी लागतात?"

म्हनलं, "एकबी नाही गुरुजी. हाकारे लागत नाहीत. आपलं आपन चढाचं अन गप बसाचं."

मोठी आईचा आशीर्वाद. डबा नेत जाय.

तुहे
सहदेव पुंजाजी अंभोरे